अण्णांची पोच

आमच्या गावात शामराव कांबळ्यांच्या घरची लग्नपत्रिका कुणाला नुसती मिळाली नाही. पत्रिकेच्या आधी एक लांबट वही पुढं यायची आणि वहीला दोऱ्यानं बांधलेलं पेन. "पावणं, हितं सही करा." मग पत्रिका. शामराव म्हणजे आमचे अण्णा. धाकट्या मुलीच्या लग्नात त्यांनी अख्ख्या गावाच्या अशा सह्या घेतल्या होत्या. लग्न होऊन महिना झाल्यावर त्यांचे साडू एकदा बसस्टॉपवर चारचौघांत तणतणले, "आमाला बोलावणंच न्हाय. गरिबाला कोण इचारतंय!" अण्णा तडक वळले. घरी गेले, वही घेऊन आले आणि पान उघडून साडूंच्या पुढं धरलं.

"ही सही कुणाची?"

साडूंनी चष्मा पुसला. "माझीच की."

"मग जेवायला का आला न्हाईसा?"

बसस्टॉप हसून लोटपोट झाला. साडूही हसले. त्या दिवशी मीही तिथं होतो आणि सगळ्यांत मोठ्यानं हसलो होतो. हल्ली कुणी ती आठवण काढली की मी विषय बदलतो.

अण्णा पोस्टमन होते. गडमुडशिंगीच्या पलीकडं आमचं गाव. ते आणि आजूबाजूच्या दोन वाड्या त्यांच्या सायकलीच्या हद्दीत. रजिस्टर पत्र सही घेतल्याशिवाय द्यायचं नाही, हा पोस्टाचा नियम त्यांनी रिटायर झाल्यावरही सोडला नाही. फक्त बाजू बदलली. आयुष्यभर लोकांना टपाल दिलं, आता ते सरकारला टपाल देऊ लागले. त्यांच्या बौद्ध वस्तीतले दिवे, गटार, नळ, रेशनकार्ड, कुणाची अडलेली विधवा पेन्शन. जे असेल त्याचा अर्ज अण्णा लिहायचे. दोन प्रती काढायच्या, एक साहेबांना द्यायची, दुसरीवर शिक्का मारून घ्यायचा. तीच पोच. "तोंडानं सांगितलेलं सायेब इसरत्यात," ते म्हणायचे. "कागद इसरत न्हाय." साहेब लोकांना मात्र ते कधी शिव्या देत नसत. वस्तीतली तरुण मंडळी तावातावानं बोलायला लागली की म्हणायचे, "सायेब वाईट न्हाय रं. सायबाची सवय वाईट हाय. ती आपुन मोडायची."

या पोचेपायी आमची रोज गाठ पडायची, कारण पोच देणारा मीच. कोल्हापुरातल्या एका सरकारी कचेरीत मी आवक-जावक कारकून होतो. कचेरीचं नाव सांगत नाही. लोकांचे अर्ज घ्यायचे, रजिस्टरला चढवायचे, नंबर टाकायचा, शिक्का मारायचा. ज्याची मुदत संपली असेल त्या अर्जावर लाल शाईनं 'मुदतीनंतर प्राप्त' असं लिहायचं. हे दोन शब्द मी किती लोकांच्या कागदांवर लिहिले असतील, कोण जाणे. लिहिताना हात कधी अडखळला नाही.

अण्णा आले की आमच्या खोलीत कुजबुज सुरू व्हायची. खाकी रंगाची जुनी पोस्टाची पिशवी, पांढरा शर्ट, खिशाला दोन पेनं. एकदा कंटाळून आमच्यातल्या एकानं सांगितलं, "शिक्का हाय, पण पॅडला शाई न्हाय. उद्या या." अण्णांनी पिशवीतून एक बारकी बाटली काढली, पॅडवर चार थेंब टाकले, बोटानं पसरले आणि म्हणाले, "आता वल्लं झालं. मारा." बोट त्यांनी स्वतःच्या रुमालाला पुसलं. शिक्का मारल्यावर पुन्हा कागद परत सरकवला. "वेळ बी घाला की. सकाळी दिलं का सांजच्याला, कळाय नगं?"

या पोचांमुळं वस्तीला नळ मिळाला. वर्षानुवर्षं मागणी होती, आणि शेवटी अण्णा कोर्टात गेले तेव्हा सरकारी बाजूनं सांगण्यात आलं की असा कुठलाच अर्ज आलेला नाही. अण्णांनी पिशवीतून पोचा काढल्या आणि तारखेवार मांडल्या. कोर्टानं नळ द्यायला सांगितलं. त्यातल्या बऱ्याच पोचांवर सही माझी होती. वस्तीतल्या बायकांनी मला बोलावून चहा पाजला, आणि कचेरीत साहेबांनी मला आत बोलावून झापलं. "तुझ्या सह्यांनी ऑफिस गोत्यात आलं, कळतंय का? जरा बघून सह्या करत जा." चहाची चव मी विसरलो. साहेबांचं बोलणं मात्र डोक्यात राहिलं.

अण्णांनी आयुष्यात नियम दोनदा मोडला, आणि दोन्ही वेळा माझ्यासाठी.

पहिल्यांदा मोडला तेव्हा मी बावीस वर्षांचा होतो. परीक्षा दिलेली, नोकरीची आशा सोडून मामांकडं हातकणंगल्याला ऊस भरायला गेलेलो. गावच्या पत्त्यावर माझी नेमणुकीची ऑर्डर रजिस्टरनं आली. घरात फक्त आजारी आई. ऑर्डरीत लिहिलेलं, अमुक तारखेच्या आत हजर व्हावं, नाहीतर नेमणूक रद्द. त्या तारखेला दोन दिवस राहिलेले. नियमानं अण्णांनी चिठ्ठी टाकून पत्र पोस्टात परत न्यायला हवं होतं. ते रविवारी, सुटीच्या दिवशी, आपल्या हद्दीच्या बाहेर, सायकल मारत हातकणंगल्याला आले. मी शेतातून चिखलाच्या पायांनी आलो. घामानं त्यांचा शर्ट पाठीला चिकटलेला.

"दिनू, आदी सही कर. मग नाच."

मी सही केली आणि खरंच नाचलो. मामीनं त्यांना अंगणात चहा दिला. कान तुटलेल्या कपात. चहा पिऊन झाल्यावर अण्णांनी तो कप स्वतः विसळून कोनाड्यात ठेवला, आणि तो कप पुन्हा घरात गेला नाही. हे मला तेव्हाच दिसलं होतं. दिसलं, आणि मी पेढे आणायला दुकानाकडं पळालो.

त्या नोकरीवर मी घर बांधलं, बहिणीचं लग्न केलं, मुलगी शिकवली.

आता दुसरी वेळ. गावाच्या कडेला वस्तीची एक मोकळी जागा होती. सातबाऱ्यावर जुन्या काळापासून समाजमंदिरासाठी म्हणून नोंद. मंदिर काही बांधून झालं नव्हतं, पण अण्णांनी वर्गणी काढून तिथं पत्र्याचं शेड उभं केलं आणि अभ्यासिका सुरू केली. दोन ट्यूबलाइट, सात-आठ बाकं, भिंतीवर घड्याळ आणि खाली अण्णांच्या अक्षरात 'हळू बोला'. वस्तीतल्या पोरी तिथं बसायच्या, नंतर आमच्या गल्लीतल्याही यायला लागल्या. माझी मुलगी बारावीला तिथंच अभ्यास करत होती. घरी टीव्ही आणि माझी आई. शेडमध्ये कुणाचा आवाज नाही.

मग त्या जागेच्या शेजारचा रस्ता रुंद झाला आणि जागेला भाव आला. गावातल्या एका वजनदार माणसाच्या संस्थेला ती हवी झाली. एक दिवस चावडीवरच्या फळ्यावर नोटीस लागली: समाजमंदिराची नोंद कमी करण्याचा फेरफार, कुणाची हरकत असेल तर पंधरा दिवसांत लेखी द्या. नोटीस इतक्या कोपऱ्यात, इतक्या जुन्या कागदांखाली, की अण्णांना ती दिसेपर्यंत बारा दिवस गेले होते. एक दिवस कागद गोळा करण्यात गेला. चौदाव्या दिवशी दुपारी ते हरकत घेऊन कचेरीत आले.

मी जिन्यातून खाली उतरत होतो. अण्णांना दम लागला होता, वर गर्दी होती. मी म्हणालो, "द्या की अण्णा माझ्याकडं. मी आत नेऊन चढवतो. पोच सांजला घरी आणून देतो. तुमी कशाला रांगेत थांबताय?"

अण्णा क्षणभर थांबले. हात पिशवीत होता, दुसरी प्रत धरलेला. मग म्हणाले, "तू हाईस म्हणून." आणि दिली.

मी फसवायला घेतली नव्हती. हे मी शपथेवर सांगेन, आणि सांगितलंही आहे. मी वर गेलो, रजिस्टर उघडलं, पेनाचं टोपण काढलं. तेवढ्यात साहेब मागं येऊन उभे राहिले. कागदावरचं नाव वाचलं. "हे आज चढवू नको. दोन-चार दिवस असू दे." मी म्हणालो, "साहेब, उद्या मुदत संपतीय." ते हसले. "म्हणून तर म्हणतोय. तुझी मुलगी बारावीला ना? बदल्यांची यादी निघतीय. तिकडं लांब चंदगडकडं एक जागा रिकामी आहे." एवढंच बोलून ते गेले. मी टोपण लावलं आणि हरकत खणात टाकली.

संध्याकाळी मी बौद्ध वस्तीवरून न जाता मळ्याच्या वाटेनं घरी गेलो. दुसऱ्या दिवशी सकाळी अण्णा माझ्या घराच्या फाटकाशी उभे. मी म्हणालो, "साहेब फिरतीवर हाईत, दोन दिवसांत देतो." त्यांनी मान डोलावली. माझ्यावरचा विश्वास त्यांच्या चेहऱ्यावर स्वच्छ दिसत होता. तो दिवस गेला. मुदत संपली. 'हरकत आली नाही' असा शेरा पडून फेरफार मंजूर झाला.

त्यानंतर ते कचेरीत आले तेव्हा साहेब नेमके माझ्या टेबलाजवळ होते. अण्णा म्हणाले, "दिनू, त्या हरकतीची पोच ऱ्हायली बघ."

मी रजिस्टरात डोकं घातलं. "कुठली हरकत, अण्णा?"

मला वाटलं ते ओरडतील. त्यांनी ओरडावं असंच मला वाटत होतं. ते माझ्याकडं बघत राहिले आणि मग "बरं," म्हणाले. पिशवीचं बक्कल लावलं. दाराशी गेल्यावर वळून म्हणाले, "येतो गा." नेहमी म्हणायचे तसंच.

शेड पाडलं त्या दिवशी मुलगी रडत घरी आली. पुस्तकं बाहेर काढायलासुद्धा वेळ दिला नव्हता. "पप्पा, तुम्ही त्याच ऑफिसात आहात ना? काही करता येत नाही का?" मी तिला म्हणालो, वरचा हुकूम आहे, आपल्या हातात काही नसतं. बायकोनं माझ्याकडं बघितलं. तिला सगळं माहीत होतं, तिनं ताट वाढलं.

अण्णा अपिलात गेले. तिथं एकच प्रश्न: हरकत दिली म्हणता, पोच आहे का? गावातल्या पत्रिकांच्या पोचा ज्यांच्याकडं होत्या, त्यांच्याकडं ही एक नव्हती. अपील फेटाळलं, त्यावरचं अपीलही. मग त्यांनी उच्च न्यायालयात रिट टाकली. वस्तीतल्या आणखी तिघांच्या सह्या, पण हिंडणारे एकटे अण्णाच. तारखेला मुंबईला जायचं, पुढची तारीख घेऊन परत यायचं. एसटी स्टँडवर मला ते दिसायचे, पिशवी मांडीवर, भाकरीचं फडकं हातात. मी खांबाआड व्हायचो. एकदा आडोसा मिळाला नाही तर त्यांनीच हाक मारली. "दिनू, बरं हाय न्हवं? पोरगी इंजिनियर झाली म्हणं. लई बेस झालं." वर एक भाकरी पुढं केली. मी ती घेतली. खाल्लीसुद्धा. कुणाला खोटं वाटेल, पण ती घशाखाली गेली.

कोर्टाला ते भांडण मानत नव्हते. गावातल्या कुणी "अण्णा, सरकारसंगं भांडून काय हुतंय?" असं विचारलं की म्हणायचे, "भांडतंय कोण? वरच्या हापिसात टपाल टाकलंय. आज ना उद्या उत्तर येतंयच की." अभ्यासिका त्यांनी घराच्या कट्ट्यावर भरवली. ताडपत्री बांधली, 'हळू बोला'ची पाटी तिथं लावली. पाऊस आडवा आला की पोरी पुस्तकं पोटाशी धरून आत पळायच्या.

कोल्हापुरात उच्च न्यायालयाचं बेंच सुरू झालं तेव्हा शहरभर फटाके वाजले. अण्णांचं प्रकरण इकडं आलं. पण तोवर त्यांच्या पायांना सूज चढली होती आणि चालणं बंद झालं होतं. "कोर्ट माझ्या दारात आलं," ते भेटायला येणाऱ्यांना सांगायचे, "आणि माझं पाय गेलं बगा."

ही वाक्यं मला गावातून कळायची. मी त्यांच्या घरी गेलो नव्हतो. मी तेव्हा रिटायर व्हायची वाट बघत होतो. मनाशी ठरवलं होतं, नोकरी संपली की सांगायचं. नोकरी संपली. मग ठरवलं, पेन्शनची ऑर्डर हातात पडू दे. ती पडली. मग मुलीचं बाळंतपण. माणूस स्वतःला किती तारखा देऊ शकतो, ते मला तेव्हा कळलं. कोर्ट बिचारं उगाच बदनाम आहे. त्यांची हरकत मी फाडली नव्हती. साहेबांनी फाडायला सांगितली होती, मी फाडल्याचं सांगितलं आणि घरी आणून कपाटात माझ्या नेमणुकीच्या ऑर्डरीखाली ठेवली. नऊ वर्षं ती तिथं होती. ऑर्डर काढायला हात घातला की आधी ती लागायची.

शेवटी मी अण्णांच्या वकीलबाईंकडं गेलो, शाहूपुरीत त्यांचं ऑफिस आहे. सगळं सांगितलं. बाईंनी हातातलं पेन खाली ठेवलं. मग म्हणाल्या, "ते तुम्ही होय! मी त्यांना किती वेळा विचारलं, अर्ज घेतला कुणी, नाव सांगा, आपण त्याला साक्षीला बोलवू. नाव सांगितलं असतं तर प्रकरण कुठल्या कुठं गेलं असतं. पण नाहीच म्हणाले."

"का?"

"म्हणाले, त्याच्या नोकरीचं पत्र मीच पोचवलंय. पोचवलेलं टपाल पोस्टमन परत घेत न्हाय."

मी हरकत काढून त्यांच्या टेबलावर ठेवली. बाईंनी पाणी दिलं.

माझं प्रतिज्ञापत्र त्यांनी लिहून दिलं, मी सही केली. ते आता कोर्टात दाखल आहे, मूळ हरकतीसह. प्रकरण अजून चालू आहे. बाकीच्या तिघांच्या नावानं चालेल, असं बाई म्हणतात. जागेभोवती संस्थेची भिंत आहे, आत अजून काही बांधलेलं नाही. अण्णा मात्र नाहीत. ते जाऊन तीन महिने झाले. दाखल करण्याच्या आदल्या दिवशी मी ते कागद घेऊन त्यांच्या घरी गेलो होतो, ती आमची शेवटची भेट.

दुपारची वेळ. कट्ट्यावर पाच-सहा मुली वाचत बसलेल्या. अण्णा आतल्या बाजूला कॉटवर, पाय उशीवर. काकूंनी, म्हणजे अण्णांच्या बायकोनं, मला बघितलं आणि त्या आत गेल्या. मी हातातले कागद पुढं केले. पाठ करून आणलेलं एक वाक्य माझ्याकडं होतं, ते आलंच नाही.

अण्णांनी भिंग मागून घेतलं. आधी हरकत बघितली. स्वतःचं नऊ वर्षांपूर्वीचं अक्षर. त्यावरून त्यांनी बोट फिरवलं. मग माझं प्रतिज्ञापत्र पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत वाचलं. एका ठिकाणी थांबून मागची ओळ पुन्हा वाचली. कुठली, ते मला माहीत आहे.

"पेन्शन लागली व्हय?" त्यांनी विचारलं.

"व्हय."

"बरं झालं." टोमणा होता का, हे मी तेव्हापासून शोधतोय. आवाजात तसं काही नव्हतं. मग म्हणाले, "दोन प्रती आनल्यास न्हवं?"

मी एकच आणली होती. तीस वर्षं लोकांना 'दुसरी प्रत कुठाय?' म्हणून परत पाठवणारा मी, एकच प्रत घेऊन आलो होतो. अण्णांना हसू आलं, आणि त्याच्या मागून खोकला. "जा. कोपऱ्यावर झेरॉक्स हाय. काढून आन जा."

मी गेलो, काढून आणली. काकू दारात उभ्या होत्या. चहाचा कप माझ्या हातात देत म्हणाल्या, "ह्यांनी सांगितलं म्हणून दिलो. मी दिलो नसतो." कप चांगला होता, कानाचा.

अण्णांनी उशीखालून पेन काढलं. झेरॉक्स मांडीवर फळी घेऊन तिच्यावर ठेवली, घड्याळात बघितलं आणि हळूहळू लिहिलं. ओळ सरळ. कागद चौघडी घालून माझ्या खिशात स्वतः घातला. "जपून ठेव," म्हणाले. "पोच हाय ती."

मी पाया पडायला वाकलो, तर त्यांनी पाय ओढून घेतले. सुजेमुळं दुखत असतील, किंवा मला पडू द्यायचं नसेल. मी बाहेर आलो. कट्ट्याची पायरी उतरून कागद उघडला. पोस्टमनचं सुबक अक्षर, सही, तारीख, वेळ दुपारी तीन वाजून दहा मिनिटं. त्याच्या वर, जिथं मी लाल शाईनं लिहायचो अगदी तिथंच, निळ्या पेनानं लिहिलेलं होतं: 'मुदतीनंतर प्राप्त.'

मी वळून उघड्या दारातून आत बघितलं. एक मुलगी पुस्तक घेऊन कॉटपाशी उभी होती आणि अण्णा तिला बोटानं ओळ दाखवून काहीतरी समजावून सांगत होते. माझ्याकडं त्यांचं लक्ष नव्हतं.